०.८ म्हणजे ८० टक्के नव्हे

सहसंबंध गुणांक उणे १ ते अधिक १ या दरम्यान असतो, एवढे कॉलेजात पाठ होते आणि बहुतेकांचा अभ्यास तिथेच थांबतो. पुढे प्रबंधात, बातमीत, ऑफिसच्या प्रेझेंटेशनमध्ये हा आकडा आला की तो सांगत नाही त्या गोष्टी त्याच्या तोंडी घातल्या जातात.

गैरसमज: ०.८ म्हणजे ८० टक्के संबंध.

वस्तुस्थिती: हा आकडा टक्केवारी नाही. टक्क्यांतच बोलायचे तर त्याचा वर्ग करावा. ०.८ चा वर्ग ०.६४, म्हणजे एका राशीतल्या चढउतारापैकी ६४ टक्के भाग दुसरीवर बसवलेल्या सरळ रेषेने उलगडतो. ०.४ च्या बाबतीत हा भाग अवघा १६ टक्के. उणे चिन्ह फक्त दिशा दाखवते, उणे ०.८ हा अधिक ०.३ पेक्षा कितीतरी घट्ट संबंध आहे.

गैरसमज: गुणांक शून्य, म्हणजे संबंधच नाही.

वस्तुस्थिती: क्षच्या किमती उणे २, उणे १, ०, १, २ घ्या आणि यच्या जागी त्यांचे वर्ग मांडा: ४, १, ०, १, ४. क्ष कळला की य अचूक सांगता येतो, तरी गुणांक येतो शून्य. तो फक्त सरळ रेषेतला संबंध मोजतो.

गैरसमज: गुणांक सारखा, तर संबंधही सारखाच.

वस्तुस्थिती: हा गैरसमज मला सर्वांत घातक वाटतो. संख्याशास्त्रज्ञ फ्रान्सिस ॲन्सकम यांनी १९७३ मध्ये अकरा-अकरा जोड्यांचे चार संच मांडले. चारही संचांत क्षची सरासरी ९, यची ७.५ आणि गुणांक सुमारे ०.८२. आलेख काढल्यावर मात्र चार निराळी चित्रे दिसतात. पहिल्यात बिंदू रेषेच्या आसपास विखुरलेले आहेत. दुसऱ्यात स्वच्छ कमान आहे. तिसऱ्यात दहा बिंदू जवळजवळ एका रेषेत बसतात आणि एकच वर उडालेला आहे. तो नसता तर गुणांक १ च्या घरात गेला असता. चौथ्यात दहा बिंदूंचा क्ष ८, अकराव्याचा १९. हा अकरावा पुसला तर क्षमध्ये चढउतारच उरत नाही आणि गुणांक काढताच येत नाही. सगळा 'संबंध' त्या एका बिंदूच्या जिवावर उभा होता.

गैरसमज: गुणांक मोठा, म्हणजे कारण सापडले.

वस्तुस्थिती: 'न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन'मध्ये २०१२ साली फ्रान्झ मेसर्ली यांनी २३ देशांतला दरडोई चॉकलेटचा खप आणि लोकसंख्येच्या प्रमाणात मिळालेली नोबेल पारितोषिके यांचा गुणांक ०.७९ दाखवला. श्रीमंत देशांत चॉकलेटही खपते आणि संशोधनावर पैसाही खर्च होतो. शिवाय हे आकडे देशांचे आहेत. नोबेल मिळवणाऱ्याने किती चॉकलेट खाल्ले, हे त्यांतून कळत नाही. गटाचा गुणांक माणसाला लावला की चिन्हसुद्धा फिरू शकते. विल्यम रॉबिन्सन यांनी १९५० मध्ये अमेरिकेच्या १९३० च्या जनगणनेवरून हे दाखवले. परदेशात जन्मलेल्यांचे प्रमाण आणि निरक्षरता यांचा राज्यवार गुणांक उणे आला, व्यक्तिवार मात्र किंचित अधिक. स्थलांतरित लोक मुळात साक्षरता जास्त असलेल्या राज्यांत वसले होते.

तेव्हा अहवालात नुसता गुणांक दिसला तर आधी आलेख मागा आणि मग नोंदी किती, ते विचारा. ५ टक्क्यांच्या नेहमीच्या कसोटीला उतरायला शंभर जोड्यांत ०.२ पुरतो, पाचच जोड्या असतील तर ०.८ सुद्धा कमी पडतो.