लुटलेल्या तलवारींचा भाव

लढाई संपलेली असते. गुहेतले दरोडेखोर आडवे झालेले असतात आणि प्रत्येकाजवळ काहीतरी असतंच: लोखंडी तलवार, दुहाती हातोडा, धनुष्य, ढाल. ‘द एल्डर स्क्रोल्स ५: स्कायरिम’ खेळायला बसलेल्या नवख्या माणसासमोर हा प्रसंग पहिल्या काही तासांतच येतो. तो दिसेल ते उचलत जातो. मग पडद्यावर सूचना येते की ओझं फार झालं, आता धावता येणार नाही. गावापर्यंत रखडत जावं, तर लोहार एका तलवारीची आठ नाणी देतो. एवढ्या मारामारीची कमाई शंभर-दीडशेच्या वर जात नाही, आणि व्हाइटरन शहरातलं सगळ्यात साधं घर घ्यायला ५,००० लागतात.

बेथेस्डा गेम स्टुडिओजचा हा गेम ११ नोव्हेंबर २०११ रोजी बाजारात आला. ड्रॅगनशी लढणं, जुनी थडगी धुंडाळणं, जादू शिकणं या गोष्टींसाठी तो गाजला. मला मात्र त्यातला बाजारही तितकाच विचारपूर्वक रचलेला वाटतो. लुटीतली शस्त्रं विकून श्रीमंत होणं या गेममध्ये नक्की शक्य आहे, पण जास्त माणसं मारून किंवा जास्त माल उचलून ते होत नाही. पैसा इथे तीन ठिकाणी अडतो. आधी पाठीवर, मग दुकानदाराच्या गल्ल्यात आणि शेवटी मालाच्या भावात. आपला पैसा आत्ता कुठे अडलाय, हे ओळखणं म्हणजेच या धंद्यातलं शहाणपण.

पहिली अडचण: पाठ

सुरुवातीला पात्र ३०० वजन पेलू शकतं. नाण्यांना वजन नसतं, बाणांनाही नसतं. बाकी बहुतेक सगळ्याला असतं. स्वतःचं चिलखत, शस्त्रं आणि औषधं धरली की लुटीसाठी साधारण २०० उरतात. या २०० मध्ये काय भरायचं, हा पहिला प्रश्न.

गेममधल्या प्रत्येक वस्तूची मूळ किंमत आणि वजन सामानाच्या यादीत दिसतं. किंमतीला वजनाने भागलं की उत्तर मिळतं. थडग्यातल्या ड्रॉगरांकडे, म्हणजे उठून चालणाऱ्या मुडद्यांकडे, जुनी नॉर्ड दुहाती तलवार असते. तिची किंमत ३५, वजन १८. म्हणजे दर एकक वजनामागे जेमतेम दोन नाणी. लोखंडी दुहाती हातोडा ६० नाण्यांचा, पण २४ वजनाचा, तोही अडीचच. लोखंडी खंजीर फक्त १० नाण्यांचा असला तरी वजन २ असल्याने त्याचा हिशेब पाचावर जातो. एल्फ घडणीची तलवार २३५ नाण्यांची आणि १३ वजनाची, म्हणजे अठरा. काचेसारख्या हिरव्या धातूचा ‘ग्लास’ खंजीर १६५ नाण्यांचा आणि साडेचार वजनाचा, म्हणजे छत्तीसच्या पुढे. एबनी खंजीर २९० नाण्यांचा आणि पाचच वजनाचा, म्हणजे अठ्ठावन्न.

पाठीवरच्या २०० वजनात नॉर्ड दुहाती तलवारी भरल्या तर ११ बसतात आणि सुरुवातीच्या भावाने त्यांचे जेमतेम सव्वाशे येतात. त्याच जागेत एल्फ तलवारी १५ बसतात आणि त्यांचे अकराशेच्या पुढे मिळतात. चालण्याचे श्रम दोन्ही वेळा सारखेच.

म्हणून एक मर्यादा ठरवून घ्यावी. सुरुवातीला दर वजनामागे पाचपेक्षा कमी किंमतीचं काही उचलू नये. पात्र वाढत गेलं की ही रेषा दहा, मग वीस अशी वर न्यावी. हाती लागलेली तलवार जमिनीवर सोडताना जीव खालीवर होतो, हे खरं आहे. पण तिच्याच जागेत पुढच्या दालनातली पाचपट किंमतीची वस्तू बसणार असते. हिऱ्याचं उदाहरण पाहा: किंमत ८००, वजन ०.१. पेटी उघडल्यावर नजर आधी तिकडे जायला हवी.

पाठ थोडी रुंदही करता येते. लेव्हल वाढताना स्टॅमिना निवडला की वहनक्षमता पाचाने वाढते. सॉलिट्यूड शहराच्या वायव्येला असलेल्या ‘स्टीड स्टोन’ या शिळेचा आशीर्वाद घेतला की १०० ची भर पडते. व्हाइटरनच्या राजाने मानाचं पद दिलं की सोबतीला लिडिया येते. तीही ओझं वाहते. घोडा असेल तर त्यावर बसून, ओझं मर्यादेबाहेर गेलं असलं तरी, नकाशावरून थेट शहर गाठता येतं.

दुसरी अडचण: गल्ला

चांगला माल गोळा व्हायला लागला की अडचण सरकते. पंधरा एल्फ तलवारींचे अकराशे होतात खरे, पण लोहाराच्या गल्ल्यात असतात सुमारे १,०००. किराणा-किरकोळ मालाच्या दुकानदाराकडे सुमारे ७५०, औषधं किंवा मंत्र विकणाऱ्याकडे ५००. गल्ला संपला की व्यवहार थांबतो. पुढे तलवार दिलीत तर ती फुकट जाते.

हा गल्ला खेळातल्या ४८ तासांनी पुन्हा भरतो. थांबण्याची सोय एका वेळी २४ तासांची असल्याने दोनदा थांबलं की काम होतं. पण त्यापेक्षा चांगला मार्ग म्हणजे विक्रीची फेरी ठरवणं. व्हाइटरनमध्ये वेशीजवळच एड्रियानचं लोहारकाम आहे, बाजारचौकात बेलेथोरचं दुकान, वरच्या अंगाला स्कायफोर्जच्या भट्टीवर एयोरलुंड. तिघांचे गल्ले मिळून पावणेतीन हजारांच्या आसपास जातात. शहराबाहेर खजीत लोकांचा तांडा उतरलेला असला तर तोही गिऱ्हाईकच. रिसादचा तांडा व्हाइटरन आणि मार्कार्थच्या दरम्यान फिरतो, अकारीचा रिफ्टन आणि डॉनस्टारच्या, मादरानचा विंडहेल्म आणि सॉलिट्यूडच्या.

विकण्याचा क्रमही महत्त्वाचा आहे. समजा एका मंतरलेल्या तलवारीचा भाव १,४०० येतोय आणि गल्ल्यात १,००० आहेत. सरळ विकली तर चारशे बुडतात. अशा वेळी आधी त्याच दुकानातून आपल्याला लागणारा माल घ्यावा: धातूच्या विटा, आत्मा साठवायचे स्फटिक, बाण. आपण मोजलेली नाणी त्याच्या गल्ल्यात जमा होतात आणि मग तलवारीचा पूर्ण भाव वसूल होतो. नवखे खेळाडू दुकानदाराकडे फक्त रोख रक्कम म्हणून पाहतात. त्याच्या फळीवरचा मालसुद्धा पैसाच आहे.

चोरीच्या मालाचं गणित वेगळं. लढून मारलेल्या दरोडेखोराची तलवार चोरीची ठरत नाही. कुणाच्या मालकीच्या घरातून उचललेल्या तलवारीवर मात्र खूण राहते आणि सरळ दुकानदार ती घेत नाहीत. त्यासाठी रिफ्टनच्या भुयारातल्या चोरांच्या टोळीत शिरून टोनिलियासारख्या चोरबाजारवाल्यांची ओळख काढावी लागते. टोळीचा दबदबा पुन्हा उभा केला की टोनिलियाचा गल्ला ४,००० पर्यंत जातो.

बोलण्याची किंमत

तलवारीचे आठच का मिळतात, याचं उत्तर ‘स्पीच’ या कौशल्यात आहे. सुरुवातीला बहुतेक पात्रांचं स्पीच १५ असतं आणि विकताना मूळ किंमतीच्या जेमतेम एक-तृतीयांश रक्कम हाती येते. स्पीच १०० झालं की निम्मी येते. हे झालं नुसतं कौशल्य. त्यातला ‘हॅगलिंग’, म्हणजे घासाघिशीचा, पर्क (कौशल्यासोबत निवडायची खास क्षमता) पाच पायऱ्यांत घेता येतो आणि शेवटच्या पायरीवर भाव ३० टक्क्यांनी सुधारतो. डेड्रिक तलवारीची मूळ किंमत १,२५०. स्पीच १५ असताना तिचे सुमारे ४०० येतात, १०० असताना ६२५, आणि घासाघीस पूर्ण शिकल्यावर ८०० च्या वर. तलवार तीच, दुकान तेच.

प्रत्येक विक्रीने स्पीच वाढतं, आणि सौदा मोठा तशी वाढ मोठी. म्हणून महागडा माल स्वतःच हा मार्ग मोकळा करत जातो. मला सगळ्यात मोलाचा वाटतो तो स्पीच ५० वर मिळणारा ‘मर्चंट’ पर्क. तो घेतल्यावर कुठलाही दुकानदार कुठलाही माल घेतो. औषधवाली तलवार घेते, दरबारातला जादूगार कुऱ्हाड घेतो. एका शहरात दोन-तीन गल्ले होते, ते पाच-सहा होतात. ७० वर ‘इन्व्हेस्टर’ मिळतो: दुकानात ५०० गुंतवले की त्याचा गल्ला कायमचा ५०० ने वाढतो. १०० वर ‘मास्टर ट्रेडर’, आणि मग प्रत्येक दुकानदाराकडे १,००० जास्त. बरेच खेळाडू सगळे पर्क तलवारबाजीत घालतात आणि पैशाची ओरड करतात. लुटीवर जगायचं असेल तर चार पर्क इकडे घालायलाच हवेत.

तिसरी अडचण: मालाचा भाव

पाठ आणि गल्ला दोन्ही सुटले की उरतो प्रश्न त्याच वजनातून जास्त किंमत काढण्याचा. इथे लुटारूचा कारागीर होतो.

पहिली पायरी लोहारकामाची. धार लावायच्या दगडावर त्या त्या धातूची एक वीट खर्चून शस्त्र सुधारता येतं: लोखंडी तलवारीला लोखंडाची वीट, एल्फ तलवारीला मूनस्टोन, ग्लासला मॅलाकाइट. स्वस्त तलवारीवर हा खर्च फारसा फिटत नाही, कौशल्य मात्र वाढतं. महाग शस्त्रावर फरक लगेच दिसतो. ड्वार्व्हन अवशेषांत उतरलात तर शस्त्रांपेक्षा वाकलेले धातूचे तुकडे शोधा. दोन वजनाचा एक तुकडा भट्टीत घातला की तीन विटा निघतात. दोन ड्वार्व्हन विटा आणि एक लोखंडी वीट यांतून २७० नाण्यांचं धनुष्य बनतं.

दुसरी पायरी मंतरण्याची, आणि खरी कमाई इथे आहे. मंतरलेलं शस्त्र हाती लागलं की दोन वाटा असतात: विकायचं, किंवा मंतरण्याच्या मेजावर मोडून त्यातला मंत्र शिकायचा. मोडलेलं शस्त्र जातं, पण तो मंत्र पुढे कितीही शस्त्रांवर घालता येतो. म्हणून नव्या मंत्राचं पहिलं शस्त्र कधीही विकू नये. त्यातही ‘बॅनिश’, म्हणजे आवाहन केलेल्या राक्षसांना परत धाडणारा मंत्र, दिसला तर तो लगेच शिकून घ्यावा. शस्त्राची किंमत या मंत्राने वाढते तितकी दुसऱ्या कशाने वाढत नाही. मंतरलेल्या शस्त्राच्या भावात धातूचा वाटा थोडा आणि मंत्राचा मोठा असतो. त्यामुळे दहा नाण्यांचा, दोन वजनाचा लोखंडी खंजीर, एक साधा भरलेला स्फटिक आणि हा मंत्र एवढ्यावर शेकड्यांनी किंमत येते. ज्या खंजिराकडे दरोडेखोराच्या अंगावर कुणी पाहिलंही नसतं, तोच हलका म्हणून सोयीचा ठरतो.

लोहारकामातली एक पळवाट मात्र बेथेस्डाने बंद केली. सुरुवातीला खंजीर घडवत बसलं की लोहारकाम झपाट्याने वाढायचं. २०१२ मधल्या दुरुस्तीनंतर ही वाढ घडवलेल्या वस्तूच्या किंमतीवर ठरू लागली. तेव्हापासून शेकडो खंजिरांपेक्षा थोडी चांगली धनुष्यं घडवणं फायद्याचं.

जुन्या गेमांनी शिकवलेलं

हा बाजार असा का रचला, हे याच मालिकेतले आधीचे गेम पाहिले की कळतं. २००२ च्या ‘मॉरोविंड’मध्ये एका डेड्रिक दाई-कटानाची किंमत १,२०,००० होती आणि ती घेऊ शकेल असा दुकानदारच नव्हता. काल्डेरा गावातल्या एका वाड्यात क्रीपर नावाचा छोटा राक्षस मात्र पूर्ण मूळ किंमत द्यायचा. त्याच्याकडे ५,००० असत. एक बोलका खेकडाही १०,००० घेऊन एका किनाऱ्यावर बसलेला असे. खेळाडूंनी युक्ती काढली: महाग शस्त्र द्यायचं, बदल्यात आधी विकलेला माल परत घ्यायचा, २४ तास थांबायचं आणि तोच माल पुन्हा विकायचा. त्यांना सापडलेली ही देवाणघेवाण आजही स्कायरिममध्ये उपयोगी पडते.

२००६ च्या ‘ऑब्लिव्हियन’ने उलट टोक गाठलं. दुकानदाराचा गल्ला कधी संपायचाच नाही. मर्यादा होती ती फक्त एका सौद्याला. शिवाय पात्राबरोबर शत्रूही वाढायचे, त्यामुळे साधे वाटमारेसुद्धा पुढे पुढे ग्लासची चिलखतं घालून यायचे आणि पैशाचा पूर यायचा. तिथली एक गोष्ट मात्र मला आवडते. लढाईत शस्त्र झिजायचं आणि झिजलेल्या शस्त्राचा भाव पडायचा. विकण्याआधी हातोडीने दुरुस्त केलं की किंमत परत यायची.

स्कायरिमने या दोन्हींतून मधला रस्ता काढला: भाव आवाक्यातले, गल्ला खराखुरा संपणारा, आणि प्रत्येक मर्यादेवर खेळाडूच्या कौशल्यातून निघणारा तोडगा. म्हणूनच एकदा पैसा साठू लागला की तो पेटीत ठेवून देणं मला पटत नाही. दुकानांत गुंतवा, गुरूंकडून शिका. एका लेव्हलला पाचच वेळा शिकता येतं, म्हणून ते आधीपासून सुरू करा. सॉलिट्यूडमधला प्राउडस्पायर वाडा २५,००० ला आहे, पण तो शेवटी घ्या.

मुलं हा गेम खेळत असतील तर त्यांच्या शेजारी बसून एकदा विचारा की कुठली तलवार सोडलीस आणि का. उत्तरात भागाकार असेल, रोकडीचा अंदाज असेल, कच्च्या मालाला किंमत कशी येते याची समज असेल. दर वजनामागे किती, समोरच्याकडे देण्याजोगं किती, आणि माझ्या हाताने त्यात भर किती, हे तीन प्रश्न ज्याला सुचतात, त्याला व्यापाराची पहिली इयत्ता खेळता खेळता पार पडली असं समजायला हरकत नाही.