चिवट फुलझाडांची निवड

घरापुढे चार हात मोकळी जागा असली की तेथे एखादे फुलझाड असावे, ही आपल्या मराठी घरांची जुनी आवड आहे. देवापुढे ठेवायला घरची दोन फुले मिळाली, तर त्या दिवसाची पूजा अधिक प्रसन्न वाटते. परंतु झाड निवडताना आपण बहुधा डोळ्यांचेच ऐकतो. रोपवाटिकेत जे मोहक दिसेल ते घरी येते आणि वर्षभराच्या आत कुंडी रिकामी होते.

हा अनुभव मीही घेतला आहे. काही वर्षांपूर्वी एका थंड हवेच्या ठिकाणाहून मी जिरेनियमची दोन रोपे मोठ्या हौसेने लालबर्ऱ्याला आणली. माघ-फाल्गुनात ती लालभडक फुलांनी डवरली. वैशाखात पाने करपली. आणि जी थोडी धुगधुगी उरली होती ती आषाढातल्या पावसाने देठ कुजवून संपविली. त्यानंतर त्या झाडाविषयी वाचले, तेव्हा चूक झाडाची नसून निवडीची होती, हे ध्यानात आले.

जिरेनियम हे नाव क्रौंच पक्ष्याच्या ग्रीक नावावरून आले. कारण त्याचे फळ त्या पक्ष्याच्या चोचीसारखे लांबट असते. मात्र कुंडीत आपण जे जिरेनियम म्हणून लावतो, ते वास्तविक दक्षिण आफ्रिकेकडचे पेलार्गोनियम होय. १७८९ साली फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञ लेरितिए याने त्याचा वेगळा गट केला. लोकांच्या तोंडी मात्र जुनेच नाव राहिले. खरे जिरेनियम थंड प्रदेशांतले. हिवाळ्यात त्याची पाने झडतात, मुळे बर्फाखाली जिवंत राहतात आणि वसंतात पुन्हा पालवी फुटते. आपल्या हिमालयातही त्याच्या जाती आहेत. इंग्लंडमधील ‘रोझॅन’ नावाचा निळसर वाण दोन हिमालयी जातींच्या संकरातून झालेला आहे. चेल्सी पुष्पप्रदर्शनाच्या शताब्दीनिमित्त २०१३ साली झालेल्या मतदानात तो सर्वश्रेष्ठ ठरला.

तिकडे ‘चिवट झाड’ म्हणजे गोठविणारी थंडी सोसणारे झाड. आपल्या वैनगंगेच्या खोऱ्यातील कसोटी निराळी आहे. येथे मे महिन्यात पारा ४० अंशांच्या वर जातो आणि महिन्याभरातच धानाच्या बांधीत पाणी साचू लागते. जे झाड ऊनही सोसते आणि पावसातूनही तगते, तेच येथे चिवट. अशी झाडे शोधायला दूर जावे लागत नाही. ती आपल्या आजीच्या परसात होतीच.

पहिली सदाफुली. ही मूळची मादागास्करची. पण तिला ऊन मानवते आणि बारमाही फुलते. जनावरे तिला सहसा तोंड लावीत नाहीत. तिच्यातून रक्ताच्या कर्करोगावरील औषधे निघाली. मात्र पाला विषारी असल्याने घरच्या घरी त्याचा काढा कोणी करू नये.

दुसरी गुलबक्षी. ही अमेरिका खंडातून आली. दुपार कलली की हिची फुले उमलतात. वरचा भाग वाळला तरी जमिनीतला कंद जिवंत असतो आणि पावसाबरोबर नवे कोंब येतात. लाल आणि पांढऱ्या गुलबक्षीच्या संकरातून गुलाबी फुले येतात, हे उदाहरण आनुवंशिकतेच्या धड्यात असते. ते मुलांना अंगणात दाखविता येईल. मिऱ्यांसारखे दिसणारे तिचे बी मात्र लहानग्यांच्या तोंडात जाऊ देऊ नये.

तिसरी अबोली. हिला सुगंध नाही, पण केशरी फुलांची वेणी दिवसभर टवटवीत राहते. हिला अर्धवट सावली हवी. भिंतीच्या पूर्वेला लावावी, म्हणजे सकाळचे ऊन मिळते आणि दुपारचे टळते.

चौथी कोरांटी. काटेरी असल्याने कुंपणालाही उपयोगी. एकदा मूळ धरले की पाण्यासाठी फारशी अडून बसत नाही आणि थंडीच्या दिवसांत पिवळ्या फुलांनी भरून जाते.

लागवडीची रीत सोपी आहे. आपल्याकडची धानाची माती चिकट असते. म्हणून जमिनीपासून वीतभर उंच वाफा करावा आणि मातीत वाळू व कुजलेले शेणखत मिसळावे. सदाफुलीला ऊन मारीत नाही, मुळाशी साचलेले पाणी मारते, हे विसरू नये. सदाफुली व गुलबक्षीचे बी मृगाच्या सुमारास पेरावे. कोरांटीची कांडी पहिल्या दमदार पावसानंतर खोचावी. उन्हाळ्यात बुंध्याभोवती धानाचे तणस पसरावे, म्हणजे ओल टिकते. पाणी सकाळी द्यावे. फुलांचा बहर ओसरल्यावर शेंडे छाटले की नवे धुमारे फुटतात.

आणखी एक गोष्ट. शाळेच्या आवारातील झाडांची नावे मी मुलांना विचारतो. मराठी घरांतली मुलेही ‘सदाबहार’, ‘गुलाबास’, ‘कटसरैया’ असे उत्तर देतात. हिंदी नावे ठाऊक असावीत. ती या प्रांताची भाषा आहे. पण १ नोव्हेंबर १९५६ रोजी नागपूर तिकडे गेले आणि बालाघाट इकडे राहिले, तेव्हापासून आपल्या घरांत मराठी जी टिकली ती स्वयंपाकघरात, देवघरात आणि अंगणात. तेथूनही शब्द गेले, तर त्यांना परत आणणारे पुस्तक कोठून मिळणार?

तेव्हा येत्या मृगाला मुलांच्या हाताने बी पेरून घ्यावे आणि रोप वर येताच त्याचे नाव त्यांच्याकडून म्हणवून घ्यावे. रोज पाणी घालताना ते नाव आपोआप तोंडी बसेल. सदाफुलीही परक्या मुलुखातूनच आली आणि येथे रुजली. आज तिला कोणी परकी म्हणत नाही.