वाराविना दिवस

सूर्याचे वर्ष कोणत्याही सोयीच्या आकड्याने निःशेष भागले जात नाही, ही गोष्ट पंचांगकर्त्यांना जितकी जाचक, तितकीच उत्सवप्रिय समाजांना उपकारक ठरलेली आहे. तीस-तीस दिवसांचे बारा महिने केले म्हणजे मांडणी सुबक होते खरी; पण तीनशे साठ दिवस वजा जाताच पाच दिवस शिल्लक पडतात, आणि ही शिल्लक कोणाच्या खाती जमा करावी हा प्रश्न उभा राहतो. प्राचीन इजिप्तने ती ओसायरिस, होरस, सेथ, आयसिस व नेफ्थिस या पाच देवतांच्या जन्मदिवसांखाली मांडली. मुंबईचे पारशी या पाच दिवसांना पाच गाथांची नावे देतात, आणि मुक्तादाच्या त्या अखेरच्या दिवसांत पितरांचे स्मरण करून नव्या वर्षात पाऊल टाकतात.

कल्पित जगाला हा प्रश्न पडण्याचे खरे पाहता काही कारण नाही. लेखकाने लेखणीच्या एका फटकाऱ्यासरशी वर्ष तीनशे साठ दिवसांचे करून टाकले, तर त्याला जाब विचारणार कोण? परंतु ऑक्सफर्डच्या जे. आर. आर. टॉल्किन या प्राध्यापकांना असली सवलत घेणे मानवण्यासारखे नव्हते. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’चा शेवटचा खंड १९५५ साली प्रसिद्ध झाला, त्याच्या एका परिशिष्टात शायर या प्रांतातील हॉबिट नावाच्या ठेंगण्या, खादाड आणि शेतीत रमलेल्या लोकांची कालगणना त्यांनी एखाद्या जुन्या दप्तरदाराच्या काटेकोरपणे नोंदवून ठेवली आहे. तेथेही महिने बारा आणि प्रत्येकाचे दिवस तीस. उरलेल्या पाचांपैकी दोन यूलचे, एक वर्षाच्या शेवटी व दुसरा नव्या वर्षाच्या आरंभी. आणि तीन भर उन्हाळ्यात, म्हणजे पहिला लिथ, मध्यवर्षदिन व दुसरा लिथ. दर चौथ्या वर्षी, शतकाचे शेवटचे वर्ष वगळून, मध्यवर्षदिनानंतर आणखी एक दिवस घालावयाचा, तो ओव्हरलिथ. प्रांताचा नगराध्यक्षही दर सात वर्षांनी याच लिथच्या सुमारास, व्हाइट डाउन्सच्या जत्रेत निवडला जाई. निवडणूक आणि जत्रा एकाच माळावर उरकण्याचा हा शहाणपणा आपल्याकडे का सुचला नाही, नकळे.

ही नावे टॉल्किन यांनी हवेतून काढलेली नाहीत. बीड नावाच्या इंग्रज साधूने ७२५ साली लिहिलेल्या कालगणनेवरील ग्रंथात जुन्या इंग्रजांचे चांद्रमास दिले आहेत. त्यांत लिथ नावाचे दोन महिने उन्हाळ्यात येतात, आणि चंद्र व सूर्य यांचा मेळ बसविण्यासाठी ज्या वर्षी एक महिना वाढवावा लागे, त्या वर्षी तिसरा लिथही पाळला जाई. हा तर आपला अधिक मासच! टॉल्किन यांनी तो आटवून एका दिवसावर आणला.

परंतु त्यांची खरी करामत वारांच्या हिशेबात आहे. मध्यवर्षदिन आणि ओव्हरलिथ यांना हॉबिटांनी वारच ठेवला नाही. ते दोन दिवस आठवड्याबाहेर काढले की वर्षाचे नेमके बावन्न आठवडे उरतात, आणि प्रत्येक तारीख दरसाल त्याच वारी येते. वर्षाचा आरंभ शनिवारी, शेवट शुक्रवारी. एकही महिना शुक्रवारी सुरू होत नाही. म्हणून शायरमध्ये ‘शुक्रवारी, पहिल्या तारखेला’ असे कोणी म्हटले, तर ते काम या जन्मी होत नाही असे ऐकणाऱ्याने खुशाल समजावे.

हीच युक्ती त्याच काळात आपल्या जगापुढे गंभीरपणे मांडली जात होती, आणि मांडणारा देश होता भारत. १९५४ साली मेघनाद साहा यांनी जिनिव्हा येथे संयुक्त राष्ट्रसंघाच्या आर्थिक व सामाजिक परिषदेपुढे ज्या जागतिक दिनदर्शिकेचा पुरस्कार केला, तिच्यातही वर्षाच्या अखेरीचा एक दिवस वाराविना होता आणि प्लुतवर्षात तसाच आणखी एक दिवस जूनअखेरीस यावयाचा होता. योजना अडली ती गणितापाशी नव्हे. दर सातवा दिवस ईश्वराचा मानणाऱ्या धर्मांना सातांची ती अखंड साखळी तुटणे मंजूर नव्हते, आणि १९५५ साली अमेरिकेनेही आपला विरोध नोंदविला. शायरमध्ये देऊळ नाही, पुरोहित नाही, आठवड्यावर कोणत्याही देवाचा हक्क नाही. म्हणून तेथे ही सुधारणा बिनबोभाट पार पडली. कल्पित जगाची सवलत टॉल्किन यांनी घेतली असलीच, तर ती येथे, आकाशाच्या गणितात नव्हे.

अधिकाच्या काळाबद्दल मराठी मनाची भावना मात्र दुहेरी आहे. अधिक मासाला पुरुषोत्तमाचे नाव देऊन आपण त्याची प्रतिष्ठा वाढविली, जावयाला तेहतीस अनारसेही वाढले. पण ‘दुष्काळात तेरावा महिना’ ही म्हणही आपलीच. कोठारात दाणा नसताना वाढलेला प्रत्येक दिवस म्हणजे पोटाला लागलेला नवा सारा, हे शेतकऱ्यापेक्षा अधिक कोणाला कळणार?

शायरवरही तशी पाळी आली होती. १४१९ च्या हंगामात गुंडांनी प्रांत बळकावून ‘समान वाटप’ या गोंडस नावाखाली धान्याची सक्तीने वसुली चालविली, आणि खानावळींना टाळी ठोकली. नोव्हेंबरात त्यांचा बीमोड झाला, आणि पुढचेच वर्ष, १४२०, प्लुतवर्ष निघाले. त्या वर्षी ऊन आणि पाऊस वेळच्या वेळी व बेताने आले, आणि पीक असे उदंड आले की आलुबुखाराच्या झाडांखाली बसलेली पोरे खाऊन खाऊन बियांचे ढीग रचीत. अशा सुकाळात आलेल्या ओव्हरलिथला जी मौज झाली तशी पूर्वी कधी झालेली कोणाला आठवत नव्हती. सातूही इतका सरस निघाला की त्याची बिअर पुढे अनेक वर्षे नावाजली गेली, आणि एका पिढीनंतरही एखादा म्हातारा कष्टाने कमावलेला पेला रिकामा करून खाली ठेवताना, हे अगदी चौदाशे वीसचे होते बरे, असा अभिप्राय देत असे.