वर्गणी, परवाना आणि मालकी : कन्सोलवरील खेळ-सदस्यत्वाचे स्वरूप

एखादी वस्तू मालकीची असणे आणि तिचा उपभोग घेण्याचा हक्क असणे या दोन गोष्टी भिन्न होत, हे भंडारा जिल्ह्याच्या अभ्यासकास नव्याने सांगावयास नको. या जिल्ह्यातील मामा तलाव, म्हणजेच माजी मालगुजारी तलाव, हे पूर्वी मालगुजाराच्या मालकीचे होते. परंतु त्यांतील पाण्यावर धान पिकविणाऱ्या शेतकऱ्यांचे रूढीने चालत आलेले हक्क होते, आणि गावोगावच्या वाजिब-उल-अर्जांत अशा रूढींची नोंद होत असे. मध्यप्रदेश मालकी हक्क निर्मूलन अधिनियम, १९५० हा ३१ मार्च १९५१ पासून अमलात आला तेव्हा हा जिल्हा मध्यप्रदेशात होता. त्या दिवशी तलावांचा मालक बदलला. शेतकऱ्याच्या हक्काचे पुढे काय, हा प्रश्न तेव्हा निर्माण झाला, आणि त्याचे उत्तर शोधताना ज्या नोंदींकडे बोट दाखवावयाचे त्या कागदावर उपलब्ध होत्या. पुढे महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ हिनेही निस्तार पत्रक व वाजिब-उल-अर्ज यांना स्थान दिले.

प्रस्तुत लेखाचा विषय वरवर पाहता याहून फार दूरचा आहे. दूरचित्रवाणीस जोडावयाच्या खेळ-यंत्रांवर, म्हणजे कन्सोलवर, मासिक वर्गणी भरून शेकडो खेळ खेळावयास मिळतात. त्या व्यवस्थेत प्रवेश कसा मिळतो, तो कशावर टिकतो व कशाने संपतो, याचे विवेचन येथे करावयाचे आहे. मालकी एकाकडे आणि उपभोग दुसऱ्याकडे, ही रचना मात्र दोन्हीकडे समान आहे. शिवाय विद्यापीठांची ग्रंथालये आता याच रचनेवर उभी राहू लागली असल्यामुळे विषय केवळ मनोरंजनाचा राहत नाही.

१. पूर्वपीठिका

वर्गणी भरून खेळ मिळविण्याची कल्पना आजची नव्हे. अमेरिकेत १९९४ च्या अखेरीस सेगा चॅनल ही सेवा सुरू झाली. केबल दूरचित्रवाणीच्या तारेतून खेळ येत, ग्राहकाच्या यंत्रात बसविलेल्या एका जोडणीच्या तात्पुरत्या स्मृतीत ते साठविले जात, आणि यंत्र बंद करताच पुसले जात. सुमारे ५० खेळांची यादी महिन्यामहिन्याने बदलत असे. १९९८ मध्ये ही सेवा बंद पडली. नियतकालिक शुल्क, बदलती यादी आणि प्रतीचे अस्थिर अस्तित्व ही आजच्या सेवांची तिन्ही लक्षणे या जुन्या प्रयोगातच आढळतात.

यानंतरचे महत्त्वाचे टप्पे थोडक्यात असे : सोनी कंपनीची प्लेस्टेशन प्लस ही सेवा २०१० मध्ये निघाली, मायक्रोसॉफ्टचा एक्सबॉक्स गेम पास जून २०१७ मध्ये शंभरावर खेळांसह सुरू झाला. जानेवारी २०१८ मध्ये मायक्रोसॉफ्टने स्वतः प्रकाशित केलेले नवे खेळ प्रकाशनाच्या दिवशीच वर्गणीदारास देण्याचे जाहीर केले. जून २०२२ मध्ये सोनीने आपल्या सेवेच्या तीन श्रेणी केल्या. ऑक्टोबर २०२५ मध्ये मायक्रोसॉफ्टनेही श्रेणींची फेररचना केली. श्रेणींची नावे व दर वारंवार बदलत असतात. त्यामागील यंत्रणा मात्र बरीच स्थिर आहे, म्हणून तिचाच विचार करणे सोयीचे.

२. प्रवेशाची यंत्रणा

खेळ यंत्रावर उतरवून घेतला म्हणजे तो मिळाला, अशी सर्वसाधारण समजूत असते. ती अपुरी आहे. उतरविलेली प्रत ही कुलूपबंद पेटी होय. ती उघडण्यास परवाना लागतो, आणि हा परवाना खेळाडूच्या खात्याशी जोडलेला असतो. खेळ सुरू करताना यंत्र तपासून पाहते की, या खात्यास हा खेळ चालविण्याचा परवाना या क्षणी आहे काय. खेळ विकत घेतलेला असेल तर परवान्यास मुदत नसते. वर्गणीतून आलेला असेल तर परवान्याचे आयुष्य वर्गणीच्या आयुष्याइतकेच असते. वर्गणी संपल्यावर पेटी यंत्रातच राहते, पण किल्ली चालेनाशी होते. खेळाडूने साठविलेली प्रगती सामान्यतः नष्ट होत नाही. वर्गणी पुन्हा भरली अथवा खेळ विकत घेतला, तर तिचा उपयोग होतो.

जुन्या पद्धतीच्या तबकडीशी तुलना केली असता हा भेद स्पष्ट होतो. तेथे तबकडी हाच परवाना असे. ती मित्रास देता येई, जुन्या बाजारात विकता येई, भावंडांत वाटून घेता येई. येथे परवाना खात्याला चिकटलेला असल्यामुळे हस्तांतर संभवत नाही.

कुटुंबातील उपयोगासाठी एक सवलत असते. खातेदार एक यंत्र आपले मुख्य यंत्र म्हणून नोंदवितो. त्या यंत्रावर घरातील इतर खात्यांनाही त्याचे खेळ चालविता येतात, आणि महाजालाची जोडणी नसतानाही खेळ सुरू होतो. मात्र वर्गणीच्या खेळांबाबत यंत्रास ठराविक काळाने जोडणीवर येऊन वर्गणी चालू असल्याची खातरजमा करावी लागते. मुख्य यंत्र बदलण्यावरही मर्यादा असतात, कारण एरवी एकाच वर्गणीवर अनेक घरे खेळली असती.

प्रवेशाचा दुसरा मार्ग प्रवाहाचा. यात प्रत खेळाडूकडे येतच नाही. खेळ दूरच्या संगणककेंद्रात चालतो आणि केवळ चित्र व ध्वनी घरी पोचतात. प्लेस्टेशन प्लसची वरची श्रेणी २०२२ मध्ये भारतात आली ती या सोयीविना, डीलक्स या वेगळ्या नावाने. एक्सबॉक्सची प्रवाह-सेवा भारतात नोव्हेंबर २०२५ मध्ये सुरू झाली.

३. प्रवेशाचे तीन प्रकार

एकाच वर्गणीत भिन्न नियमांचे खेळ असू शकतात, ही गोष्ट पुष्कळदा लक्षात येत नाही. पहिला प्रकार यादीतील खेळांचा : खेळ यादीत आहे आणि वर्गणी चालू आहे तोवरच प्रवेश. दुसरा प्रकार मासिक खेळांचा : प्लेस्टेशन प्लसमध्ये त्या महिन्यात आपल्या खात्यात नोंदवून घेतलेला खेळ पुढे यादीतून गेला तरी वर्गणी चालू असेतो राहतो, आणि वर्गणी खंडित होऊन पुन्हा सुरू झाली तरी परत मिळतो. तिसरा प्रकार विरळ : वर्गणीबरोबर आलेला खेळ कायमचा मिळणे. एक्सबॉक्सच्या जुन्या ‘गेम्स विथ गोल्ड’ योजनेत, जी सप्टेंबर २०२३ मध्ये समाप्त झाली, एक्सबॉक्स ३६० या जुन्या यंत्राचे खेळ वर्गणी संपल्यावरही खातेदाराकडे राहत, तर नंतरच्या एक्सबॉक्स वन या यंत्राचे खेळ वर्गणीबरोबर बंद होत. कंपनी एक, वर्गणी एक, पण करार दोन. यावरून प्रवेशाचा काळ हा यंत्रविद्येचा प्रश्न नसून अटींचा प्रश्न आहे, असे अनुमान काढावयास हरकत नाही.

४. यादी का बदलते

सेवा चालविणारी कंपनी यादीतील बहुसंख्य खेळांची मालक नसते. ती प्रकाशकांशी मुदतीचे करार करते, आणि मुदत संपल्यावर नूतनीकरण न झाल्यास खेळ यादीतून जातो. जाणाऱ्या खेळांची सूचना काही दिवस आधी दिली जाते, आणि गेम पासमध्ये यादीतील खेळ सवलतीने विकत घेण्याची सोय असते. म्हणजे वर्गणीदाराचा परवाना हा दुहेरी अवलंबनाचा आहे : त्याचा सेवेशी असलेला करार आणि सेवेचा प्रकाशकाशी असलेला करार. यांपैकी दुसऱ्या कराराची अट त्यास कधीच दिसत नाही.

खेळ कंपनीचा स्वतःचा असला तरी तो कायम राहीलच असे नाही. फोर्झा होरायझन ४ हा मोटारींच्या शर्यतीचा खेळ मायक्रोसॉफ्टनेच प्रकाशित केला होता. तरी त्यातील मोटारी, संगीत इत्यादींचे परवाने मुदतीचे असल्यामुळे डिसेंबर २०२४ मध्ये तो विक्रीतून व गेम पासमधून काढण्यात आला. ज्यांनी तो विकत घेतला होता त्यांच्याकडे तो राहिला. केवळ वर्गणीदार असलेल्यांकडे राहिला नाही. मालकी व प्रवेश यांतील भेदाचे याहून सुबोध उदाहरण सापडणे कठीण.

येथे एक सावधगिरी हवी. ‘विकत घेणे’ या शब्दानेही सर्व प्रश्न सुटत नाहीत. युबीसॉफ्टचा द क्रू हा खेळ सर्वस्वी कंपनीच्या संगणकांवर अवलंबून होता. ३१ मार्च २०२४ रोजी ते बंद होताच पूर्ण किंमत मोजलेल्यांनाही तो खेळता येईना. कॅलिफोर्निया राज्याने १ जानेवारी २०२५ पासून अमलात आणलेल्या कायद्यान्वये, अंकीय वस्तूचा केवळ परवाना देणाऱ्या विक्रेत्यास ती गोष्ट स्पष्ट न सांगता ‘खरेदी’ हा शब्द वापरता येत नाही.

५. भारतीय कायद्याची चौकट

प्रतिलिपी अधिकार अधिनियम, १९५७ यानुसार संगणक-आज्ञावलीच्या प्रतींची विक्री व व्यापारी तत्त्वावर भाड्याने देणे हे अधिकार मालकाकडे असतात, आणि कलम ३० अन्वये तो परवाना देऊ शकतो. २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५-अ हे अधिकारभंगाच्या हेतूने तांत्रिक कुलूप मोडण्यास गुन्हा ठरविते. वर्गणीची सारी इमारत या तीन आधारांवर उभी आहे.

ऑगस्ट २०२५ मध्ये संमत झालेला ऑनलाइन खेळांविषयीचा केंद्रीय कायदा पैजेचे खेळ निषिद्ध ठरवितो. परंतु पैज वा पण या स्वरूपाचे नसलेले वर्गणी-शुल्क किंवा प्रवेश-शुल्क घेण्यास तो आडकाठी करीत नाही. वर्गणी आपोआप वसूल होण्याच्या बाबतीत रिझर्व्ह बँकेचे नियम ऑक्टोबर २०२१ पासून लागू आहेत : कार्डावरून रक्कम वळती होण्यापूर्वी किमान २४ तास ग्राहकास सूचना गेली पाहिजे. विसरलेली वर्गणी महिनोगणती चालू राहण्याच्या प्रवृत्तीस यामुळे काहीसा आळा बसतो.

६. वर्गणी कोणास परवडते

हिशेबाच्या सोयीसाठी मासिक वर्गणी ५०० रुपये व एका नव्या खेळाची किंमत ४,००० रुपये धरू. आठ महिन्यांची वर्गणी म्हणजे एक खेळ. या काळात जो चार-पाच खेळ खेळून बाजूला ठेवतो त्यास वर्गणी स्वस्त. जो एकच खेळ वर्षानुवर्षे खेळतो त्यास खरेदी स्वस्त, कारण नवव्या महिन्यापासून त्याचा खर्च शून्य होतो.

या हिशेबात ग्रामीण भागाचा एक घटक मिळवावा लागतो. मोठ्या खेळाचा आकार ६० गिगाबाइट धरला आणि लाखांदूर वा पवनी तालुक्यातील एखाद्या कुटुंबाची सर्व भिस्त दररोज २ गिगाबाइट मर्यादेच्या भ्रमणध्वनी-जोडणीवर असली, तर तो एक खेळ उतरविण्यासच ३० दिवस लागतील. म्हणजे खेळ हाती येईतो महिन्याची वर्गणी संपेल. कागदावर शेकडो खेळांचा प्रवेश देणारी सेवा अशा घरी प्रत्यक्षात एकाही खेळाचा प्रवेश देत नाही. तलावाचे पाणी ज्याच्या बांधीपर्यंत पाट पोचला आहे त्यालाच मिळते, हा अनुभव येथेही लागू पडतो.

७. विद्यापीठाशी संबंध

ग्रंथालयाने विकत घेतलेले छापील नियतकालिक वर्गणी थांबविल्यावरही फडताळात राहत असे. विद्युत्-नियतकालिकांचे तसे नाही. केंद्र सरकारने नोव्हेंबर २०२४ मध्ये मंजूर केलेल्या ‘एक राष्ट्र, एक वर्गणी’ योजनेत ३० प्रकाशकांची सुमारे १३,००० नियतकालिके शासकीय उच्चशिक्षण व संशोधन संस्थांना खुली करण्याचे ठरले. २०२५ ते २०२७ या तीन वर्षांसाठी ६,००० कोटी रुपयांची तरतूद करण्यात आली. जिल्ह्याच्या ठिकाणच्या अभ्यासकास अशा योजनेचा लाभ मोठा आहे, यात शंका नाही. तथापि खेळांच्या वर्गणीस जे प्रश्न विचारले तेच येथेही विचारावे लागतात : करार संपल्यावर वर्गणीच्या काळातील अंक वाचता येतील काय? प्रकाशकाने नियतकालिक विकले तर? सेवाच बंद पडली तर?

ग्रंथालयक्षेत्राने या प्रश्नांची काही उत्तरे शोधली आहेत. वर्गणी संपल्यानंतरही त्या काळातील अंकांचा प्रवेश राहावा असे कलम करारात घालता येते, आणि पोर्टिको, लॉक्स यांसारख्या व्यवस्थांत प्रतींचा स्वतंत्र ठेवा ठेवता येतो. खेळांच्या क्षेत्रात वर्गणीदारांच्या बाजूने असे बोलणारी संस्था नाही. एकटा वर्गणीदार अट बदलवून घेऊ शकत नाही. तो केवळ अट मान्य करतो वा नाकारतो. त्यामुळे एखादा खेळ आपल्या काळाचा सांस्कृतिक दस्तऐवज म्हणून अभ्यासावयाचा असेल, तर वर्गणीच्या प्रवेशावर प्रबंधाची उभारणी करणे धोक्याचे आहे. प्रबंध पूर्ण होईतो मूळ साधन यादीत असेलच, याची हमी कोणी देत नाही.

वर्गणीची पद्धत त्याज्य आहे, असे या विवेचनातून सुचवावयाचे नाही. थोड्या खर्चात विपुल निवड हा तिचा गुण निर्विवाद आहे. परंतु उपभोगाचा हक्क किती टिकाऊ, हे मालकाच्या औदार्यावरून ठरत नाही. तो कोठे, कोणत्या शब्दांत व किती मुदतीसाठी नोंदला आहे, यावरून ठरते. मालगुजार गेल्यावर ज्या गावाच्या वाजिब-उल-अर्जात पाण्याची रूढी लिहिलेली होती, त्या गावास निदान काही आधार दाखविता आला. खेळाच्या वर्गणीदाराजवळ असा कागद आजमितीस नाही. तो कोणत्या स्वरूपात असावा, याचा विचार विधी, ग्रंथालयशास्त्र व अर्थशास्त्र या तिन्ही शाखांच्या अभ्यासकांनी मिळून करण्याजोगा आहे.