कंपनी दिवाळखोरीत गेली, तर थकबाकीच्या दाव्याचे काय?

पिंपळे सौदागर : घर पिंपळे सौदागरमध्ये आणि वर्कशॉप भोसरी, तळवडे किंवा चाकणमध्ये असलेल्या अनेक छोट्या उद्योजकांचे गणित एक-दोन मोठ्या कंपन्यांच्या बिलांवर चालते. बिल थकले की आधी नोटीस, मग दिवाणी दावा. पण त्या कंपनीवर दिवाळखोरी प्रक्रिया सुरू झाली, तर दावा जागच्या जागी थांबतो. अशा वेळी कोर्टाच्या तारखेची वाट पाहत बसणे महागात पडू शकते.

दावा का थांबतो?
दिवाळखोरी संहिता, २०१६ च्या कलम १४ नुसार प्रक्रिया सुरू होताच ‘मोरेटोरियम’ लागू होतो. कंपनीविरुद्ध नवा दावा, सुरू असलेला दावा, लवाद आणि हुकूमनाम्याची वसुली हे सारे थांबते. एकाने मशीन जप्त केले, दुसऱ्याने बँक खाते गोठवले, तर चालू कंपनी उभी राहूच शकत नाही, हा त्यामागचा विचार आहे.

कधीपासून?
अर्ज दाखल झाल्यावर नव्हे, तर राष्ट्रीय कंपनी विधी न्यायाधिकरणाने (एनसीएलटी) तो दाखल करून घेतल्याच्या दिवसापासून. पुण्यातील कंपन्यांची प्रकरणे मुंबई खंडपीठापुढे चालतात. चिंचवड आणि नंतर चाकण परिसरात कारखाना असलेल्या, ‘पद्मिनी’ मोटारीमुळे घराघरांत पोहोचलेल्या प्रीमियर लिमिटेडवर जानेवारी २०२१ मध्ये याच खंडपीठाच्या आदेशाने ही प्रक्रिया सुरू झाली.

मग पैसे कुठे मागायचे?
न्यायाधिकरणाने नेमलेल्या अंतरिम व्यावसायिकाकडे (आयआरपी). तो वृत्तपत्रांत जाहीर सूचना देतो. माल किंवा सेवा पुरवणाऱ्यांनी ‘फॉर्म बी’, बँकांनी ‘फॉर्म सी’, फ्लॅट खरेदीदारांनी ‘फॉर्म सीए’, तर कामगारांनी ‘फॉर्म डी’ भरायचा. सोबत बिले, चलन, बँक स्टेटमेंट, हुकूमनामा झाला असल्यास त्याची प्रत. यासाठी कोर्ट फी लागत नाही.

मुदत किती?
सूचनेत दिलेली तारीख पाळावी. साधारण १४ दिवस मिळतात. उशीर झाला तरी ९० दिवसांपर्यंत क्लेम देता येतो. त्यानंतर वाट अवघड होते. मंजूर आराखड्यात नसलेली जुनी देणी संपुष्टात येतात, असे सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२१ मध्ये ‘घनश्याम मिश्रा’ प्रकरणात स्पष्ट केले. म्हणजे दावा प्रलंबित असला, तरी क्लेम न भरल्यास पैसे बुडू शकतात.

चेक बाउन्स झाला असेल तर?
कंपनीविरुद्धचा खटला मोरेटोरियमच्या काळात थांबतो. मात्र जबाबदार संचालकांविरुद्ध तो चालू राहू शकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२१ मध्ये ‘पी. मोहनराज’ प्रकरणात सांगितले. कंपनीच्या कर्जाला वैयक्तिक हमी देणाऱ्यालाही या मोरेटोरियमचे कवच नाही.

पैसे पूर्ण मिळतात का?
खात्री नाही. आराखड्यावर मत देणाऱ्या समितीत मुख्यतः बँका आणि इतर वित्तीय कर्जदाते असतात. पुरवठादाराला मत नसते. कंपनी अवसायनात गेली, तर प्रक्रियेचा खर्च, कामगार आणि तारण असलेल्या बँका यांच्यामागे पुरवठादाराचा नंबर लागतो. मात्र मोरेटोरियमनंतर कंपनी सुरू ठेवण्यासाठी दिलेल्या मालाचे पैसे प्रक्रियेच्या खर्चात धरले जातात आणि ते आधी द्यावे लागतात. म्हणून जुनी आणि नवी बिले वेगळी ठेवावीत.

स्वतः अर्ज करता येतो का?
येतो, पण मार्च २०२० पासून किमान थकबाकी १ लाखावरून १ कोटी रुपये झाली आहे. त्याहून कमी रकमेसाठी दिवाणी दावा किंवा लघुउद्योगांसाठीची सुविधा परिषद हे मार्ग उरतात, अर्थात मोरेटोरियम लागण्यापूर्वी.

हे लक्षात ठेवा
- मोरेटोरियमचा काळ दाव्याच्या कायदेशीर मुदतीतून वगळला जातो.
- मोठ्या ग्राहक कंपनीचे नाव एनसीएलटीच्या संकेतस्थळावर अधूनमधून तपासा.
- प्रत्येक बिलावर माल मिळाल्याची सही-शिक्का घ्या. क्लेम तपासताना तोच पुरावा कामी येतो.