हरवलेला टवका

मुलांनो, कपाचा टवका उडाला तर आई फार तर रागावते. पण थ्रा नावाच्या जगात एक टवका उडाला आणि जगाची घडीच विस्कटली! 'द डार्क क्रिस्टल' या १९८२च्या इंग्रजी चित्रपटातली ही गोष्ट. जगाचा तोल सांभाळणारा प्रचंड स्फटिक तडकला, तेव्हा एकाच जातीच्या प्राण्यांचे दोन झाले: क्रूर स्केक्सिस आणि शांत मिस्टिक. तीन सूर्य एकत्र येतील तेव्हा टवका जागेवर नसेल, तर स्केक्सिसचं राज्य कायमचं! जेन तो घेऊन पोचतो खरा, पण ऐन वेळी हातातून निसटतो. शत्रूंच्या गराड्यात उभी असलेली कीरा स्वतःचा जीव वाचवायचा सोडून टवका त्याच्याकडे फेकते. (तिथे मी डोळेच मिटले होते.) गंमत म्हणजे यात एकही मानवी पात्र नाही. जिम हेन्सन आणि फ्रँक ऑझ यांनी सारा खेळ बाहुल्यांचा मांडलाय. आता कीराचं काय झालं, ते मात्र मी सांगणार नाही हं!