बंडूच्या गळ्यातली काच

दिवाळीला चार दिवस उरलेत, ऑफिसात बोनसच्या गप्पा रंगल्यात आणि तुम्ही बॉसला सांगताय, ‘सर, हाफ डे हवाय, कुत्र्याच्या पट्ट्याची स्क्रीन फुटलीय.’ बघा डोळ्यांसमोर आणून! मी फ्रीलान्सर, म्हणून सुटले.

आमचा बंडू म्हणजे अस्सल गल्लीब्रीड. गेल्या लक्ष्मीपूजनाला पहिला सुतळी बॉम्ब वाजला आणि साहेब गेटवरून पसार. रात्री दोनला सापडला, पर्वतीच्या पायथ्याशी एका रिक्षाखाली थरथरत. दुसऱ्याच दिवशी मी जीपीएसवाला पट्टा मागवला. तसल्या बहुतेक पट्ट्यांना स्क्रीन नसतेच, सगळं आपल्या मोबाइलवर दिसतं. मी मात्र हट्टाने स्क्रीनवाला घेतला. आणि पाणी पिताना स्टीलच्या भांड्यावर रोज टणटण आपटून बंडूने तिची जाळी केली.

कंपनीला फोन केला. ‘मॅम, रिपेअर होत नाही, नवीन घ्या.’ 2022 च्या डिसेंबरमध्ये केंद्र सरकारने ‘राइट टू रिपेअर’चं पोर्टल सुरू केलं, त्याची बातमी मी स्वतः केली होती. फोनवरच्या पोरीला ते सांगून काय उपयोग! सरळ बुधवार पेठेतली तपकीर गल्ली गाठली.

चार फुटांच्या दुकानातल्या दादाने पट्टा उलटसुलट केला. ‘ताई, कुत्रं टाइम बघतं का हो?’

‘तो नाही बघत. पण हरवला आणि कुणी बटण दाबलं, तर त्यावर माझा नंबर येतो.’

मग मात्र तो गप्प बसून कामाला लागला. आधी फंडा क्लिअर केला: वरची काच वेगळी, आतला डिस्प्ले वेगळा. चित्र नीट दिसत असेल तर फक्त काच गेली, काळे डाग किंवा रेघा दिसल्या तर डिस्प्लेसुद्धा. आमचे दोन्ही गेले होते. पट्ट्याचा स्पेअर पार्ट कुठेच मिळत नाही, पण डिस्प्लेच्या मागच्या रिबनवर बारीक नंबर छापलेला असतो. तो जुळवत त्याने डबा उपसला आणि एका मेलेल्या स्मार्टवॉचमधून आमचा तुकडा काढला!

गरम प्लेटवर गोंद सैल करायचा, प्लॅस्टिकच्या पातळ पट्टीने काच उचलायची. घाई चालत नाही, कारण खाली लिथियमची बॅटरी. तिला टोक लागलं की धूर. (फुगलेली बॅटरी दिसली तर तो पट्टा कुत्र्याच्या गळ्यात अजिबात नको, चावला तर संपलंच.) नवा गोंद लावून वर रबरबँड. ‘चोवीस तास हात लावायचा नाही.’ साडेसहाशे रुपये.

खरी गोम पुढे होती. खोक्यावर लिहिलं होतं आयपी 67, म्हणजे एक मीटर पाण्यात अर्धा तास. एकदा उघडल्यावर ते सील गेलं. दादाने स्पष्ट सांगितलं, ‘पाण्याची गॅरंटी नाही. आंघोळीला काढून ठेवायचा.’ वर मोबाइलला लावतात ती फिल्म मापात कापून चिकटवून दिली आणि डबी गळ्याखाली न ठेवता मानेच्या वर सरकवायला सांगितली, म्हणजे भांड्यावर आपटणार नाही. पट्टा किती घट्ट? खाली दोन बोटं जातील इतकाच.

पैसे देताना त्याने सहज विचारलं, ‘बॅटरी संपली की नंबर कुठे दिसणार, ताई?’

यार, एवढे हजार घातले आणि हे डोक्यातच आलं नव्हतं. त्यानेच नावं कोरणाऱ्या काकांचा पत्ता दिला. ऐंशी रुपयांत पितळेची पट्टी, वर माझा नंबर.

लक्ष्मीपूजनाला खिडक्या बंद, टीव्ही मोठ्याने. दुपारी साडेतीनलाच बंडू पलंगाखाली गेला. मी मोबाइलवर त्याचा ठिपका बघत बसले, तीन फुटांवर. मध्येच फटाका वाजला की पितळेची पट्टी फरशीवर किणकिणायची.